दादीला सांगितलेला सामना

जेद्दाच्या शराफिया भागातल्या आमच्या इमारतीच्या गच्चीला पुरुषभर उंच कठडा होता. तो मुद्दामच तसा बांधलेला. बायकांना गच्चीवर डोक्यावरचा पदर सोडून बसता यावं, कपडे वाळत घालता यावेत, समोरच्या इमारतीतून कुणाची नजर पडू नये, एवढ्यासाठी. पण त्यामुळे गच्चीवरून आभाळाशिवाय काहीच दिसत नसे. इमारतीच्या मागं मोठी मोकळी जागा होती, खडीची आणि धुळीची, आणि तिथं दर शुक्रवारी सकाळी आमची पुरुषमंडळी क्रिकेट खेळत. त्यांच्या बायका चार मजले वर पाण्याच्या टाकीच्या सावलीत तांदूळ निवडत, मासळी साफ करत बसलेल्या असायच्या. खालून ओरडा ऐकू आला की त्या एकमेकींकडे बघायच्या. ओरडा आपल्या लोकांचा की समोरच्यांचा, तेही कळायचं नाही. मी रंगाचा रिकामा डबा उलटा टाकून त्यावर उभी राहिले की माझी हनुवटी बरोबर कठड्यावर टेकायची. मी अजून लहान समजली जात होते, म्हणून मला बघायची मुभा होती. मग साहजिकच मी सांगायला लागले.

पुढं ऑस्ट्रेलियात माझा सारा जन्म खेळ सांगण्यात गेला. आधी एका लांबच्या गावातल्या रेडिओ केंद्रावर शनिवारच्या सामन्यांचे आकडे वाचायचे, मग एका वर्तमानपत्रात नेटबॉलच्या बातम्या लिहायच्या, कारण त्या दुसऱ्या कुणाला नको असत, मग हळूहळू क्रिकेटचं समालोचन. त्या पहिल्या रेडिओ केंद्राचा मॅनेजर मला म्हणाला होता, "आवाज चांगला आहे, पण ऐकणाऱ्याला प्रश्न पडेल, ही बाई आहे तरी कुठली?" मी म्हटलं, "प्रश्न पडेल तेवढा वेळ तरी तो रेडिओ बंद करणार नाही." नोकरी मिळाली. मुलाखतीत लोक विचारतात, समालोचन शिकलात कुठं? मी काहीतरी सभ्य उत्तर देते. खरं उत्तर, गच्चीवर.

हे लिहितेय तेही जेद्दात बसून. या हिवाळ्यात एका फुटबॉल सामन्याचं काम आलं. शेवटचंच काम म्हणून घेतलं आणि माझा चुलतभाऊ रेहान इथं नोकरीला आहे, त्याच्याकडे उतरले. स्टेडियममध्ये माझ्या पुढच्या रांगेत चार सौदी मुली बसल्या होत्या आणि पंचाला माझ्याहून मोठ्या आवाजात ओरडत होत्या. माझ्या लहानपणी इथं बायकांना स्टेडियमात पाऊलही ठेवता येत नसे, त्यामुळे मला माझ्या कामात लक्ष घालायला जरा वेळ लागला. दुसऱ्या दिवशी रेहानला घेऊन शराफियात गेले. पैसे पाठवायच्या काउंटरसमोरच्या रांगा तशाच आहेत, केरळी हॉटेलांतला पराठ्यांचा वास तसाच आहे. आमची इमारत मात्र गेली, आणि मागच्या मोकळ्या जागेत गाड्या उभ्या करायची बहुमजली इमारत झाली आहे. रेहानची मुलगी मला फुफू, म्हणजे आत्या, म्हणते, पण मराठीत विचारलेल्या प्रत्येक गोष्टीला इंग्रजीत उत्तर देते. तिनं विचारलं म्हणून मी हे सगळं तिला सांगायला सुरुवात केली, आणि मग वाटलं, लिहूनच काढावं.

आमचं घर म्हणजे दोन खोल्या, आणि त्यात दोन संसार. बाबा एका जहाज कंपनीच्या एजंटकडे कारकून होते. त्यांचा धाकटा भाऊ, इकबाल चाचा, बंदरातल्या वर्कशॉपमध्ये मेकॅनिक. चाचाची बायको, जैनब चाची, नुकतीच रत्नागिरीहून आली होती, इकामा, म्हणजे तिथं राहायचा परवाना, नवा कोरा घेऊन, आणि काही महिन्यांतच तिला दिवस गेले होते. मी आणि अम्मी-बाबा आतल्या खोलीत, चाचा-चाची बाहेरच्या खोलीत, मध्ये फुलाफुलांचा पडदा. दोन्ही खोल्यांत मिळून खिडकीतला एकच एसी, जो रात्रंदिवस घुरघुरायचा आणि ज्याचं पाणी खाली बकालेवाल्याच्या, म्हणजे किराणा दुकानदाराच्या, पत्र्यावर ठिबकायचं. अम्मी त्या आवाजावर आपला आवाज चढवून बोलायची, आणि मला मात्र सारखं सांगायची, "हळू बोल गो, मुलीची जात हाय तुझी." अम्मीच्या हाताला चव होती. लाल समुद्रातल्या नाजिल माशाला ती खाडीतल्या तांबोशासारखं वागवायची. कोकमं गावाहून यायची, ती संपली की घरात सुतक आल्यासारखं वाटायचं.

शुक्रवारी बाबा पहाटेची फजरची नमाज पढून आले की आधी रेडिओ लावत. हिवाळ्यात त्या वेळी ऑस्ट्रेलियात दुपारचा खेळ चालू असे. शॉर्टवेव्हवर आवाज लाटेसारखा यायचा आणि जायचा. मध्येच कुठल्या तरी अरबी स्टेशनवरचं गाणं घुसायचं, मग पुन्हा तो म्हातारा, सावकाश बोलणारा समालोचक, आणि त्याच्या मागं समुद्रपक्ष्यांचं ओरडणं. बाबांना त्याचं अर्धंच इंग्रजी कळायचं, मला शाळेमुळे थोडं जास्त. चाचा तोवर कोपऱ्यावरच्या अफगाणी भट्टीतून गरम तमीस आणायचा, सायकलच्या चाकाएवढी ती रोटी, आणि प्लॅस्टिकच्या डब्यात 'फूल' नावाचं अरबी कालवण. त्या वाटलेल्या पावट्यांवर अम्मी घरची लसणाची फोडणी घालायची आणि आम्ही खाली बसून खायचो. खाताना कुणी बोलायचं नाही, रेडिओ बोलायचा. त्या म्हाताऱ्याची एक पद्धत माझ्या लक्षात आली होती. चेंडू कुठं गेला हे तो आधी सांगायचा. चांगला की वाईट, हे नंतर. कधी कधी काहीच सांगायचा नाही, आणि नुसते पक्षी ऐकू यायचे.

तीच पद्धत मी गच्चीवर उचलली. "चेंडू डावीकडे गेला, टँकरच्या दिशेनं. दोघं धावतायत. दोन रन. मारला कुणी? बाबांनी." गच्चीत बसलेल्या बायकांमध्ये अम्मी, जैनब चाची आणि नाशिकच्या वैद्य काकू हमखास असत. वैद्य काका समुद्राचं पाणी गोडं करायच्या कारखान्यात इंजिनिअर होते, आणि स्वतःला खेळता येत नसल्यामुळे दर शुक्रवारी पंच असत. काकूंना क्रिकेटमधलं ओ की ठो कळत नव्हतं. त्यांचा एकच प्रश्न, "अगं, यांनी टोपी घातलीये का बघ. ऊन बाधतं त्यांना." मी सांगायची, "घातलीय, पण उलटी." मग सगळ्या हसायच्या. चाचीला मात्र खेळ कळायला लागला होता. चाचा खेळायला आला की ती हातातलं काम खाली ठेवायची. अम्मीला हे सगळं फारसं पसंत नव्हतं. मी तेराव्या वर्षात येत होते. तिनं बाबांना सांगून टाकलं होतं, ही फायनल होऊ दे, मग डबा गच्चीवरून हलवायचा आणि पोरीला कठड्याशी उभं राहू द्यायचं नाही. बाबा "बरं" म्हणाले होते. मला ते पडद्याआडून ऐकू आलं होतं.

फायनल आमच्या कोकणवाल्यांची आणि मल्याळी पोरांच्या टीमची. एरवी टेनिसच्या चेंडूनं खेळायचे, पण फायनल म्हणून कॉर्कचा चेंडू आणला होता, दगडासारखा. हेल्मेट वगैरे तेव्हा कुणी बघितलंही नव्हतं. त्यांचा बशीर नावाचा एक पोरगा होता, लाँड्रीत इस्त्री करणारा, काटकुळा, आणि त्याचा चेंडू वरून बघतानासुद्धा मला भीती वाटायची. आम्ही दुसऱ्यांदा बॅटिंग करत होतो. चाचा छान खेळत होता. मी त्या दिवशी माझ्या मते रेडिओवरच होते. "इकबाल चाचा पुढं आला. मारला! सरळ, बशीरच्या डोक्यावरून. चार!" चाचीनं पोटावर हात ठेवून हसत म्हटलं, "ऐकलास ना रे?" ते आतल्या बाळाला होतं, म्हणजे रेहानला.

पुढचा चेंडू उसळला. चाचा मागं सरकला, बॅट वर आणली आणि चेंडू त्याच्या कानामागं लागला. तो आवाज चार मजल्यांवर आला, लाकडावर लाकूड आपटल्यासारखा. चाचा गुडघ्यांवर बसला आणि मग आडवा झाला.

मी दोन्ही हातांनी कठडा धरला.

"गप का झालीस गो?" चाची म्हणाली. "नसीम? काय झाला?"

खालचे आवाजही बंद झाले होते. अम्मी ताडकन उठली. माझा दंड धरून म्हणाली, "उतर खाली. मी बगतंय."

"भाभी, नको." चाचीचा आवाज एकदम वेगळाच होता, कोरडा. "तू चढलीस तर मला खोटा सांगशील. ती नाय सांगायची. तिला ऱ्हाऊ दे. नसीम, तुला काय दिसतंय ता सांग."

अम्मीनं माझा दंड सोडला नाही, पण ओढलाही नाही. मी पुन्हा वळले. पायाखाली डबा खडखड वाजत होता.

"चाचा खाली पडलाय," मी म्हटलं. "डाव्या कुशीवर. त्याला बॉल लागला, कानापाशी. बाबा धावत आलेत. वैद्य काका वाकलेत. सगळे भोवती जमले, मला आता चाचाचे पाय तेवढे दिसतायत."

"पाय हलतायत?"

"नाही."

कुणीतरी हुंदका दिला, बहुतेक वैद्य काकूंनी. चाचीनं नाही.

"पुढं सांग."

"कुणीतरी पाण्याची बाटली आणली. बाबा सगळ्यांना मागं ढकलतायत. आता दिसतोय. बाबा तोंडावर पाणी मारतायत. बशीर लांब, डोकं धरून खाली बसलाय." मग मी थांबले, कारण मला नीट बघायचं होतं. "हात हलला. चाचाचा. उजव्या हाताची बोटं. परत हलली."

"नक्की?"

"नक्की. मूठ मिटली त्यानं."

"रगत?"

मी अम्मीकडे बघितलं. अम्मीनं डोळ्यांनीच नाही म्हटलं. मी परत खाली बघितलं आणि म्हटलं, "आहे. कानातून येतंय. फार नाही. बाबांनी रुमाल धरलाय." अम्मी ओरडली, "बस झाला!" चाची म्हणाली, "असू दे, भाभी. नसीम, तू बोल."

आणि मी बोलत राहिले. वैद्य काकांनी त्यांची पांढरी गाडी थेट मैदानात आणली, ते सांगितलं. चौघांनी चाचाला उचललं, बाबांनी डोकं धरलं, आत घेताना एक पाय दाराबाहेर राहिला, ते सांगितलं. मग म्हटलं, "चाचानं पाय आत घेतला. स्वतः. कुणी हात नाही लावला." गाडी धूळ उडवत निघून गेली, वळणावर दिसेनाशी झाली, तेही सांगितलं. मग सांगण्यासारखं काही उरलं नाही. मी डब्यावरून उतरले.

त्या काळी तिथं बायकांना गाडी चालवायला बंदी होती, दवाखान्यात जायचं तर पुरुष हवा, आणि इमारतीतले सगळे पुरुष एक तर मैदानातून दवाखान्यात गेलेले, नाही तर जुम्म्याच्या नमाजाला. आम्ही घरात बसून राहिलो. या वेळी रेहानची बायको मला विमानतळावरून स्वतः गाडी चालवत घरी घेऊन आली. रस्ताभर ती बोलत होती आणि मी तिच्या स्टिअरिंगवरच्या हातांकडे बघत होते. चाचीला अशी गाडी असती तर, असा विचार मनात येऊन गेला. त्या दिवशी चाची भिंतीला टेकून कुराणातलं जेवढं पाठ होतं तेवढं पुटपुटत बसली होती. मध्येच थांबून मला विचारायची, "पाय सोताच घेतलान ना गो?" मी म्हणायची, "स्वतःच." ती परत पढायला लागायची. वैद्य काकूंनी त्यांच्या घरून मऊ भात करून आणला, तो कुणी खाल्ला नाही. काकू चाचीचा हात हातात घेऊन बसल्या, त्या काही पढत होत्या की नाही माहीत नाही, पण ओठ त्यांचेही हलत होते.

दुपार कलताना, असरच्या अजानच्या सुमाराला बाबा आले. त्यांच्या सदऱ्यावर डाग होते. दारातच म्हणाले, "हाय. शुद्धीवर हाय. तुझं नाव घेतलान." चाची तेव्हा पहिल्यांदा रडली. एसीच्या घुरघुरीवरही तिचा आवाज ऐकू येत होता, आणि अम्मीनं तिला हळू रड असं म्हटलं नाही.

चाचाच्या कवटीला बारीक भेग गेली होती. बरेच दिवस तो दवाखान्यात होता. घरी आला तेव्हा त्याचा उजवा कान गेलेला होता, कायमचा, आणि उभं राहिलं की त्याला चक्कर यायची. बोलणंही संथ झालं होतं. शब्द शोधत बोलल्यासारखा बोलायचा. बशीर त्याला भेटायला आला, सफरचंदांची पेटी घेऊन. पेटी धरून तो दारातच उभा राहिला. चाचा त्याला म्हणाला, "अरे, खेल है। आ, बैठ।" अम्मीनं त्याला जेवायला वाढलं. तो मान खाली घालून जेवला आणि जाताना म्हणाला, "अब मैं बॉल नहीं डालूँगा।"

पण सगळ्यात विचित्र गोष्ट ही, की चाचाला त्या सकाळचं काही म्हणजे काही आठवत नव्हतं. तमीस आणायला गेलो होतो, एवढंच आठवायचं. पुढं एकदम दवाखान्याचा दिवा. मग तो मला जवळ बसवायचा, डाव्या बाजूला, आणि म्हणायचा, "सांग." मी पहिल्यापासून सांगायची. बशीरच्या डोक्यावरून मारलेल्या चौकारापाशी तो मला थांबवायचा. "सरळ मारला?" "सरळ." "वरून की जमिनीवरून?" "वरून, मग एक टप्पा." तो डोळे मिटून हसायचा. स्वतःची चांगली खेळी त्यानं अशी माझ्याकडून ऐकली.

तेवढ्यात गावाहून निरोप आला. आमच्या शेजारच्या गावचा एक माणूस सामन्याच्या दुसऱ्याच दिवशी, शनिवारी, सुट्टीवर गेला होता. त्यानं घाईघाईत जे ऐकलं ते तिकडं सांगितलं, आणि ते खाडीच्या या काठावरून त्या काठावर जाईपर्यंत इकबाल मेलाच होता. बाबांनी पत्र पाठवलं. दादीला, म्हणजे बाबांच्या आईला, वाचता येत नव्हतं. पत्र वाचणाऱ्यानं म्हटलं, इकबाल बरा आहे. दादी म्हणाली, तुम्ही सगळे मिळून माझ्यापासून लपवताय. तिनं जेवण सोडल्यात जमा होतं, असा निरोप. गावात फोन नव्हता. चाचाला विमानात बसवायला डॉक्टर तयार नव्हते.

त्या वेळी आखातातली सगळी घरं पत्राऐवजी कॅसेट भरून पाठवायची. बाबांनी ठरवलं, इकबालनं टेपवर बोलायचं. चाचा बोलला. "अम्मा, मी बरा हाय. तू जेव." पण ते इतकं अडखळत आलं की परत लावून ऐकल्यावर बाबांचा चेहरा पडला. चाचाच म्हणाला, "ह्या ऐकून ती जास्तच घाबरंल. नसीमला सांगू दे. काय झाला, कसा झाला, सगळा. मग मी बोलतो."

"अम्माला रक्ताचं कशाला सांगायचं?" बाबा म्हणाले.

"भाई, अर्धा सांगितला म्हणूनच तिला खोटा वाटताय."

अम्मी मध्ये पडली. "टेप पडवीत लावतील. गावातले सगळे बाप्ये ऐकतील हिचा आवाज. उद्या हिचं लगीन करायचंय आपल्याला."

यावर जैनब चाची उठून उभी राहिली. तिला तेव्हा उठायलाही त्रास होत होता. ती मोठ्या जावेपुढं कधी तोंड उघडत नसे. ती म्हणाली, "भाभी, त्या दिवशी हिचा आवाज नसता तर मी डब्यावर चढून कठड्यावरून वाकले असते. पोटातल्या पोराची पर्वा केली नसती मी. ऐकू दे बाप्यांना."

अम्मी उठली आणि तिनं एसी बंद केला. टेपमध्ये घुरघुर येऊ नये म्हणून.

एसीशिवायची ती दुपार मला अजून आठवते. घाम कोपरांवरून सतरंजीवर पडत होता. मी दादीला सगळं सांगितलं. कॉर्कचा चेंडू म्हणजे काय, ते सुपारीचा दाखला देऊन सांगितलं. चौकार सांगितला, मार सांगितला, रक्त, रुमाल, पांढरी गाडी, पाय. मग दवाखाना, कान, चक्कर. चाचा रोज किती भाकऱ्या खातो ते. मग चाचा बोलला, हळूहळू, आणि शेवटी चाचीनं सलाम सांगितला. कॅसेट रुमालात बांधून मुंबईला जाणाऱ्या एका ओळखीच्या माणसाकडे दिली.

पुढं ऑस्ट्रेलियात रेडिओच्या नोकरीत एकदा माझ्या डोळ्यांदेखत एक तरुण खेळाडू झेल घेताना दुसऱ्यावर आदळून पडला आणि उठला नाही. कानातल्या यंत्रातून माणूस सांगत होता, विषय बदल, जाहिरात लावतो. मी नकारार्थी मान हलवली आणि दिसत होतं तेवढंच सांगत राहिले, जास्त नाही, कमी नाही. तो पोरगा वाचला. नंतर काही लोकांनी त्याबद्दल माझं कौतुक केलं, काहींनी मला निर्दय म्हटलं. त्या क्षणी घरी रेडिओला कान लावून बसलेलं त्याचं कुणीतरी असणार, एवढंच माझ्या डोक्यात होतं.

गावाहून उत्तर यायला महिना लागला असेल. सुक्या बांगड्यांचं आणि कोकमांचं गाठोडं, आणि त्यात कॅसेट. संध्याकाळी सगळे टेपभोवती बसलो, वैद्य काका-काकूसुद्धा. आधी कोंबड्यांचा आवाज आला. मग कुणीतरी "आता बोल, आता बोल" म्हणालं. मग दादीचा खोकला. तिनं सगळ्यांना नावानिशी सलाम सांगितला. मग म्हणाली, "इकबाल, तुजा आवाज ऐकलंय. जेवतंय मी. पोरी, तू सांगत व्हतीस तवा माज्या डोळ्यांपुढं दिसत व्हता सगळा. तीन वेळा लावायला सांगलंय मी टेप." मग जरा थांबली. आम्हाला वाटलं संपलं. चाची डोळे पुसत होती. तेवढ्यात दादी जरा रागानंच म्हणाली, "पन जिकला कोन? ता काय तू सांगलास नाय."

बाबा आधी हसले. मग सगळेच. चाचा हसता हसता डोकं धरून बसला. मी मात्र लाजेनं लाल झाले, कारण मलाही माहीत नव्हतं. सामना तिथंच थांबला होता आणि पुन्हा कुणी त्याचं नाव काढलं नव्हतं.

बाबांनी दुसऱ्या दिवशी मल्याळी टीमच्या कॅप्टनला हे सांगितलं. तो शराफियातच एका हॉटेलात गल्ल्यावर बसायचा. तो म्हणाला, "दादी पूछ रही है तो बताना पड़ेगा न।" वैद्य काकांना धावा आणि विकेटी चोख आठवत होत्या. ठरलं, पुढच्या शुक्रवारी जिथं थांबलो तिथून पुढं. आम्हाला जिंकायला सोळा धावा हव्या होत्या आणि तीन विकेटी हातात, त्यातली चाचाची गेली असं धरायचं, म्हणजे दोन. चेंडू टेनिसचा.

त्या शुक्रवारी मी डब्यावर उभी होते. कठड्यावर टेप, आणि तो पडू नये म्हणून अम्मीनं दोन्ही हातांनी धरलेला. गच्चीवर त्या दिवशी घरच्या बायका आणि वैद्य काकू एवढ्याच होत्या, म्हणून चाचालाही वर आणून खुर्चीत बसवलं होतं. वैद्य काकूंनी सुरुवातीलाच टोपीची चौकशी केली, ती टेपवर आहे. मी दादीसाठी एकेक चेंडू सांगत होते. धावा होत गेल्या. एक विकेट गेली. शेवटची जोडी, बाबा आणि बंदरातला एक नवखा पोरगा. तीन धावा हव्या होत्या. आणि मल्याळी कॅप्टननं चेंडू बशीरच्या हातात दिला. बशीर नाही म्हणत होता. चेंडू परत देत होता.

मी तेही सांगितलं. "बशीर नको म्हणतोय. तो चेंडू घेत नाही."

खुर्चीचा आवाज झाला. चाचा उठला होता, कठड्याला धरून. चाचीनं त्याला कमरेत आधार दिला. तो उंच होता. त्याचं डोकं कठड्यावरून खाली दिसत असणार, कारण मैदानातली सगळी माणसं एकदम वर बघायला लागली. चाचा ओरडला, त्या संथ, जड आवाजात. "बशीर! बॉल डाल!"

बशीर वर बघत राहिला. मग त्यानं चेंडू पँटीला पुसला आणि मागं चालत गेला.

त्याचे पहिले दोन चेंडू बाबांनी सोडून दिले. तिसरा बाबांनी तटवला. चौथा आत आला आणि बाबांची मधली यष्टी पडली. मी सांगितलं, "बाबा आऊट. बोल्ड." आणि मग, यावेळी विसरायचं नाही म्हणून, टेपच्या अगदी जवळ तोंड नेऊन सांगितलं, "दादी, आपण हरलो. तीन रन कमी पडले. मल्याळी पोरं जिंकली." दादीला एकदा सांगितलेलं ऐकू येत नसे, म्हणून पुन्हा एकदा सांगितलं.

अम्मी कुजबुजली, "इकबालचा पण सांग."

मी चाचाकडे बघितलं. तो खुर्चीत बसला होता, घामाघूम, आणि बशीरसाठी टाळ्या वाजवत होता. मी टेपचं तोंड त्याच्याकडे वळवलं. अम्मीनंही टेप बंद केला नाही. टाळ्या नीट ऐकू येत होत्या.